तुम्ही विचारलंत म्हणून: "सरळ हायकोर्टात का नाही गेलात?"

१८ ऑगस्ट २०२५ ला मुंबई हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू झालं आणि सोलापूरही त्यात आलं, तेव्हापासून मला हा प्रश्न नव्या जोमानं विचारतात. "आता जवळ झालंय, पतसंस्थेवर केस टाका की!" त्या पतसंस्थेच्या भरतीत लेखी परीक्षेत मी पहिली आले आणि लिपिकाची जागा दुसऱ्याला गेली, हे तुम्हाला ठाऊकच आहे. पुढचं एकदाच नीट लिहिते.

अंतराची अडचण कधी नव्हतीच. रात्री सिद्धेश्वर एक्स्प्रेसला बसलं की सकाळी मुंबई. पण सहकारी संस्था केवळ नोंदणी झाली म्हणून 'राज्य', म्हणजे सरकारी यंत्रणा, ठरत नाही, आणि मग तिच्याविरुद्ध रिट, म्हणजे हायकोर्टातला थेट अर्ज, सहसा टिकत नाही. कांगड्याच्या सहकारी बँकेतल्या एका कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टानं २००६ मध्ये हेच सांगितलं. कायद्यानं नेमून दिलेलं कर्तव्य संस्थेनं मोडलं तर गोष्ट वेगळी. इथले सेवानियम संचालकांनीच केलेले. कामगार न्यायालयात जायचं तर आधी कामगार असावं लागतं. माहिती अधिकाराचा अर्ज परत आला, सोबत सुप्रीम कोर्टाच्या २०१३ च्या थलप्पलम निकालाचा दाखला: सरकारची मालकी, ताबा किंवा भरीव पैसा नसेल तर संस्थेला तो कायदा लागू नाही.

राहिलं सहकार न्यायालय, १९६० च्या महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याचं कलम ९१. वकिलांनी पहिल्याच भेटीत विचारलं, "तुम्ही संस्थेच्या कोण?" सभासद, नोकर, पदाधिकारी, जामीनदार सगळे त्या कलमात आहेत. उमेदवार नाही. "घरात कोणी सभासद?"

वडील होते, अण्णा.

सभासदाला कलम ३२ खाली इतिवृत्त पाहता येतं. अण्णांबरोबर मीही गेले. शिपायानं वही आणून ठेवली, मॅनेजर समोरून हलले नाहीत. मी ओळीखाली बोट धरून वाचलं. लेखी गुणांचा उल्लेखच नव्हता. 'मुलाखतीअंती योग्य वाटल्याने' एवढंच, खाली सूचकाचं नाव, आणि अनुमोदक म्हणून निवड झालेल्या मुलाच्या सख्ख्या चुलत्याची सही. अण्णांनी चष्मा वर सरकवून ती सही पुन्हा पाहिली. तेवढ्यात मॅनेजर म्हणाले, "अण्णा, मागांचं कर्ज मार्चला नवं-जुनं करायचंय ना?" आवाज अगदी घरच्यासारखा. वर चहा मागवला.

दावा तयार झाला. फक्त अण्णांची सही हवी होती. आमचे टॉवेलचे चार माग, सुताची उधारी, आणि कर्जाला जामीन माझे मामा. अण्णांनी सगळी पानं वाचली, स्वतःच्या नावापाशी थांबले आणि म्हणाले, "पोरी, मामाचं काय?" मी तावातावानं म्हटलं, "मग सभासद कशाला झालात?" त्यांनी कागद माझ्या हातात परत दिले. पुढे कित्येक महिने ते माझ्याशी फक्त सुताच्या भावाबद्दल बोलायचे.

तेव्हाची मी म्हणायची, अण्णा घाबरले. आज मी कर सल्लागाराकडे यंत्रमागवाल्यांची खाती लिहिते. कर्ज नवं-जुनं व्हायला महिना लागला की मजुरांचा पगार कसा तटतो, ते समोर दिसतं. तरी ती मुलगी ऐकत नाही. ती विचारते, कर्ज असलेल्या सभासदाला तोंड उघडता येत नसेल तर वार्षिक सभेत ठराव मंजूर करणारे हे हात कुणाचे? तिला सांगण्यासारखं माझ्याकडे काही नाही, आणि अण्णांना बोल लावायला जीभही रेटत नाही.

आणि "ओळख लावायची होती" म्हणणाऱ्यांना: मी पहिली आले होते. ओळख कशाला लावू?

आता मी स्वतःच सभासदत्वाचा अर्ज दिलाय, पोच घेतलीय. तीन महिन्यांत निर्णय कळवला नाही तर कलम २२ प्रमाणे मी सभासद झाले असं धरलं जाईल. नोकरी आता मिळणार नाही, वयोमर्यादा गेली. पुढच्या भरतीत लेखी गुणांची यादी फलकावर लागावी, असा ठराव सभेत मांडायचाय. यावरून घरात पुन्हा वाद झाला, कारण कर्ज अजून फिटलेलं नाही. अण्णा म्हणाले, "अर्ज तुझा, पण आडनाव माझंच आहे की."

अर्ज मी मागे घेतलेला नाही.