“साहेब, मला आत टाका”

माझ्या अशिलाच्या पोटगी वसुलीच्या अर्जात सामनेवाला, म्हणजे तिचा नवरा, त्या दिवशी स्वतः हजर झाला. तोवर वॉरंट ‘घरी मिळून आला नाही’ या शेऱ्यासह परत येत होतं आणि त्याचे वकील ‘हायकोर्टात रिव्हिजन (आदेश तपासून बघण्याचा अर्ज) दाखल आहे’ एवढ्यावर तारीख घेत होते. स्थगितीची प्रत मागितली की गप्प! नुसतं रिव्हिजन म्हणजे स्थगिती नव्हे, हे कोर्टात सगळ्यांना ठाऊक असतं. तरी तारीख मिळते, याचा मला संताप येतो.

कारण ती तारीख बाईच्या खात्यातून जाते. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 125 (आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 144) खाली रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत अर्ज नसेल, तर त्या रकमेसाठी वॉरंट निघत नाही. म्हणून मी प्रत्येक अशिलाचा तक्ता ठेवते: महिना, जमा, बाकी आणि शेवटच्या रकान्यात मुदत कधी संपते ते. इथे दरमहा 8,000 प्रमाणे 11 महिने, म्हणजे 88,000 थकले होते.

“कधी भरताय?” न्यायाधीशांनी विचारलं.

“साहेब, मला आत टाका. महिनाभर राहतो, विषय संपला.”

हा सल्ला बाहेर सर्रास दिला जातो. मी सुप्रीम कोर्टाचा 1988 चा कुलदीप कौर निकाल पुढे केला: कैद हा वसुलीसाठीचा दबाव आहे, फेड नव्हे. आत जाऊन आलात तरी रक्कम उभीच. त्याचा आवाज खाली आला.

मी कैदेचाच आग्रह धरणार होते. तेवढ्यात अशील कानाशी लागली, “मॅडम, आत नको. त्यांची नोकरी गेली तर पोरीची फी कोण भरेल?”

मग पगार जप्ती मागितली. पोटगीचा आदेश दिवाणी हुकूमनाम्यासारखा बजावता येतो, हे 2020 च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालात आहे आणि पोटगीच्या वसुलीत पगाराचा फक्त एक तृतीयांश भाग जप्तीपासून सुटतो. पगाराची स्लिप त्याच्याच शपथपत्राला जोडलेली होती.

कोर्टाने निम्मी रक्कम भरायला आठ दिवस दिले. त्याने त्याच दुपारी नाझरकडे, म्हणजे कोर्टात पैसे जमा करून घेणाऱ्या कर्मचाऱ्याकडे, 44,000 भरले. म्हणजे पैसे होते, सगळा वेळ होते! तिने अडवलं नसतं तर सगळेच निघाले असते का, हे मला अजून ठरवता येत नाही. नोकरी जाण्याची जोखीम मात्र माझी नव्हती, तिची होती.

उरलेल्या रकमेसाठीच्या जप्ती अर्जावर म्हणणं द्यायला त्यांनी मुदत मागितली आहे.