पारदर्शक स्फटिक उपाशी मरतो

आपल्याकडच्या विज्ञानकथेत स्फटिकजीव आला की तो हमखास काचेसारखा नितळ असतो, आतून उजळतो आणि वर प्रकाशही खातो. हा हिशोब जुळत नाही. आरपार गेलेला प्रकाश पोटात गेलेलाच नसतो, आणि बाहेर टाकलेला प्रकाश म्हणजे निव्वळ खर्च. प्रकाशावर जगायचं तर अंग गडदच हवं. असा एक जीव रचून बघू. त्याला कवडसा म्हणू.

आधी तारा ठरवायचा, कारण कवडशाचं अंग कशाचं असणार हे तारा सांगतो. तांबडा बटू, म्हणजे सूर्यापेक्षा लहान आणि थंड तारा घ्या, तापमान 3000 केल्विन. आपला सूर्य 500 नॅनोमीटरच्या आसपास सर्वांत प्रखर असतो, हा 970 च्या आसपास, म्हणजे अवरक्तात. प्रकाशाची वीज करायला अंग अर्धवाहकाचं (सौर पॅनेलमधल्या सिलिकॉनसारख्या पदार्थाचं) लागतं, आणि त्याला बँडगॅपपेक्षा, म्हणजे इलेक्ट्रॉन मोकळा करायला लागणाऱ्या किमान ऊर्जेपेक्षा, कमी ऊर्जेचा फोटॉन (प्रकाशकण) पचत नाही. क्युप्रस ऑक्साइड या तांब्याच्या संयुगाचा बँडगॅप 2.1 इलेक्ट्रॉनव्होल्ट, त्यामुळे या ताऱ्याच्या ऊर्जेपैकी जेमतेम 4 टक्के त्याच्या कामाची. पायराइटचा 0.95, त्याच्या वाट्याला साधारण 46 टक्के येते. शिवाय पायराइट म्हणजे लोह आणि गंधक, खडकाळ ग्रहावर दोन्हींची ददात नाही.

पायराइटची गोम व्होल्टेजमध्ये आहे. त्याच्या पृष्ठभागावरच्या दोषांतून गळती होते आणि प्रयोगशाळेतल्या सौरघटांतही 0.2 व्होल्टच्या वर जाणं अवघड पडतं. मिळालेली ऊर्जा साठवण्यासाठी पाणी फोडायचं तर किमान 1.23 व्होल्ट लागतात. सात-आठ थर एकावर एक रचून ते गाठता येईल, पण मग ऑक्सिजन सुटेल, आणि ओल व ऑक्सिजन एकत्र आले की पायराइट कुजतो. संग्रहालयांच्या खणांत हे नेहमी दिसतं: नमुन्यावर पांढरट भुकटी येते, आम्ल सुटतं, खालचं लेबलही खाऊन टाकतं. म्हणून कवडशाला पाण्याऐवजी हायड्रोजन सल्फाइड द्या. तो फोडायला 0.15 व्होल्टच्या आसपास पुरतात, दोन थरांत काम भागतं. पृथ्वीवरचे हिरवे गंधक-जिवाणू प्रकाशाच्या बळावर हाच वायू वापरतात आणि उरलेल्या गंधकाचे कण पेशीबाहेर टाकतात. कवडशाचंही तसंच: त्याचं अंग म्हणजे एक काळी पाटी, तिच्यावर पिवळी पूड साठणार. ती झटकली गेली नाही तर तोंडच बंद. त्यामुळे पाटी तिरकी हवी.

तिरकी म्हणजे किती? ग्रहाची एकच बाजू कायम ताऱ्याकडे आहे असं धरू, म्हणजे तारा आभाळात जागचा हलत नाही. तो क्षितिजापासून 30 अंशांवर असेल तर पाटी जमिनीशी 60 अंशांत. पुण्यातल्या गच्च्यांवरचे सोलर पॅनेल दक्षिणेकडे तोंड करून साधारण 18-20 अंशांवर बसवतात, तोच न्याय. दहा सेंटिमीटर उंचीच्या पाटीची सावली मागे 20 सेंटिमीटर पडते. तेवढ्या पट्ट्यात पडलेलं पिल्लू मेलंच. कवडशांचं रान दाट नसतं, ओळीत असतं.

आता जेवणाचा हिशोब. पाटी 10 बाय 10 सेंटिमीटर, जमिनीपर्यंत पोचणारा प्रकाश दर चौरस मीटरला 400 वॅट. पाटीवर 4 वॅट पडतात. त्यातले 2 टक्के साठले तर 0.08 वॅट, चोवीस तासांत 1.65 किलोकॅलरी, म्हणजे अर्ध्या ग्रॅमहून कमी साखर. निवांत बसलेल्या माणसाला 80 वॅट लागतात. तेव्हा कवडसा पळत नाही, हल्ला करत नाही, विचारबिचार तर सोडूनच द्या.

घन पदार्थात रेणू हलत नाहीत, ही खरी अडचण. वायू आत आणि गंधक बाहेर जायला वाटा लागतात. त्यासाठी दोन पायराइट थरांमध्ये झिओलाइट या सच्छिद्र खनिजाचा थर घाला. त्याच्या जाळीतल्या नळ्या नॅनोमीटरपेक्षाही अरुंद असतात. पाणी आणि लहान रेणू जातात, मोठे अडतात. पुणेकरांना नमुना शोधायला लांब जायला नको. बेसॉल्टच्या पोकळ्यांत स्टिल्बाइट सापडतं, वाघोलीच्या खाणींतलं निळं कॅव्हन्साइट आणि पाषाणच्या टेकड्यांतलं हिरवं अपोफिलाइट जगभरच्या संग्रहांत आहे. (विक्रेते सगळ्यालाच झिओलाइट म्हणतात. अपोफिलाइट आणि कॅव्हन्साइट मात्र झिओलाइट नाहीत.) अपोफिलाइट एकाच दिशेत सपाट दुभंगतं. हा गुण कवडशासाठी उचलण्यासारखा आहे, पुनरुत्पादन तिथूनच होणार.

जखम भरण्याचा प्रसंग लिहायचा असेल तर आधी तुरटीवर बघा. 200 मिली डिस्टिल्ड पाणी 60 अंशांपर्यंत तापवून 45 ग्रॅम तुरटी विरघळवा, गाळा, निवू द्या. नायलॉनच्या बारीक दोऱ्याला छोटा खडा बांधून मधोमध सोडा, वर कागद झाका. आठ पैलूंचा स्फटिक तयार झाला की एक कोपरा कटरने उडवून परत त्याच द्रावात सोडा. तुटलेली बाजू आधी खडबडीत दिसते, मग बारीक पायऱ्या धरतात आणि इतर पैलूंपेक्षा तीच बाजू लवकर वाढून कोपरा पुन्हा येतो. धूळ पडली तर तळाशी शेकडो खडे धरतात आणि वरचा उपाशी राहतो. एप्रिल-मे महिन्यांत हे करू नका: दुपारी खोली तापली की द्राव असंपृक्त होतो आणि दोऱ्याला फक्त गाठ उरते.

राहिला वारसा. निर्दोष स्फटिकात लिहिण्यासारखं काही नसतं, माहिती दोषांत, म्हणजे रचनेतल्या चुकांत, आणि थरांच्या क्रमात असते. रसायनशास्त्रज्ञ ग्रॅहम केर्न्स-स्मिथ यांनी 1966 मध्ये चिकणमातीचे स्फटिक हेच आद्य जनुक असावेत असं मांडलं. 2007 मध्ये पोटॅशियम हायड्रोजन थॅलेट या क्षाराच्या स्फटिकांवर ही कल्पना तपासली, तेव्हा आईचे दोष पिल्लात उतरले खरे, पण नव्या दोषांची भर इतकी पडली की मूळ मजकूर बुजला. म्हणून कवडशाला बारीक दोषांवर विसंबायला लावू नका. थर दोनच प्रकारचे ठेवा, क्रम 20 थरांचा. पाटी थरांना समांतर नव्हे, आडवी चिरली जाऊ द्या, म्हणजे दोन्ही तुकड्यांच्या कडेला पूर्ण क्रम उघडा राहतो आणि वाढ तिथूनच पुढे सुरू होते. अपोफिलाइटसारखं दुभंगणं ठेवायचं, फक्त दिशा थरांना काटकोनात. एवढ्यातही 10,48,576 वेगवेगळे क्रम बसतात.