घरचा घोडा

नवी दुचाकी घेतली आणि आठवड्यातच कुणीतरी तिला घासून गेलं. ओरखडा बोटभर. पण मी दिवसातून चारदा खाली जाऊन त्यावर अंगठा फिरवून यायचो, चोळल्यानं तो जाणार असल्यासारखा. हप्ते फिटायचे होते ना अजून! तेव्हापासून फलकावर कुणा पुढाऱ्याचे 'निष्ठावंत शिलेदार' दिसले की मला आधी घोडा आठवतो.

कारण शिलेदार हा शब्द मुळात शौर्याचा कमी आणि मालकीचा जास्त. सरकारी घोड्यावर बसतो तो बारगीर. घोडा, हत्यार घरचं आणतो तो शिलेदार. शिवाजी महाराजांनी पागा, म्हणजे सरकारी घोड्यांचं दळ, शिलेदारांपेक्षा वरचढ ठेवली होती. पंचवीस बारगिरांवर एक हवालदार, तेवढ्याच घोड्यांमागे नाल ठोकणारा एक नालबंद, पाणी वाहणारा एक पखालजी. बारगिराचा घोडा पडला तर तो पागेचा पडला. शिलेदाराचा पडला की घरची पुंजी गेली, आणि पतही. उद्या दुसऱ्याच्या घोड्यावर बसायचं.

आता असा एखादा पानिपतावर उभा करून बघा. १७६० च्या नोव्हेंबरपासून छावणी अडकलेली, रसद तुटलेली, वैरण नाही, चंदी नाही. कुठून मूठभर हरभरे हाती लागले तर ते आपल्या तोंडात टाकायचे की तोबऱ्यात? तलवार उपसायच्या कितीतरी आधीची ही लढाई, आणि ती रोजची. मला वाटतं, त्यानं निम्मे निम्मे केले असतील. मग घोड्यानं ओल्या ओठांनी तळहात चाचपला असेल, आणि आपल्या वाट्यातले चार दाणे त्यानं चरफडत पुन्हा पुढे केले असतील.

१४ जानेवारी १७६१ च्या सकाळी ही माणसं तोंडाला हळद फासून बाहेर पडली, असं शत्रूच्या बाजूला असलेल्या, शुजाउद्दौल्याच्या पदरच्या काशीराजानं लिहून ठेवलंय. दुपारी पेशव्यांचे चिरंजीव विश्वासराव गोळी लागून पडले. सेनापती सदाशिवराव भाऊसाहेब हत्तीवरून उतरले, घोड्यावर बसले आणि गर्दीत शिरले. फौज फुटली. आपल्या शिलेदारानं तेव्हा लगाम कुठे वळवला असेल? पुढे घातला तर इभ्रत राहते, मागे वळवला तर पोरं दिसतील. पण उपाशी जनावर दोन्हीकडे किती धावणार?

दक्षिणेत बातमी आली ती सावकारी भाषेत: दोन मोती गळाले, सत्तावीस मोहरा हरवल्या, रुपये-खुर्दा किती गेला याची गणती नाही. मोती म्हणजे विश्वासराव आणि भाऊसाहेब, मोहरा म्हणजे सरदार. शिलेदार त्या खुर्द्यात आला. त्याचा घोडा त्यातही नाही.