रेडिंगचं स्लोडाइव्ह आणि ब्रिटिश समीक्षकांची घाई

इंग्रजांच्या सभ्यपणाचं आपल्याकडे फार कौतुक होतं. नव्वदच्या दशकातली ब्रिटिश संगीत साप्ताहिकं चाळली की ते ओसरतं. इंग्लंडमधल्या रेडिंग शहरातल्या स्लोडाइव्ह या बँडचा 'सुवलाकी' अल्बम १९९३ साली आला, तेव्हा 'मेलडी मेकर' या साप्ताहिकाच्या समीक्षकाने लिहिलं की तो पुन्हा ऐकण्यापेक्षा लापशीच्या टबात बुडून मरणं परवडलं. बँडचे गायक-गिटारवादक नील हॉलस्टेड आणि रेचेल गॉसवेल, दोघंही रेडिंगचे, लहानपणापासूनचे मित्र. तेव्हा जेमतेम बावीस वर्षांचे. त्यांच्या १९९०च्या पहिल्या ईपीला (मोजक्या गाण्यांच्या छोट्या रेकॉर्डला) याच साप्ताहिकांनी डोक्यावर घेतलं होतं. मधल्या काळात बदलली ती फॅशन, आणि त्याची शिक्षा या पोरांना. फटकळ समीक्षक आपल्याकडेही आहेत, पण विलंबित ख्याल संथ आहे म्हणून कुणी गायकाला झोडपत नाही. संथपणा ऐकायची सवय आपल्याला आहे, त्यांना नव्हती, असं माझं ठाम मत आहे.

स्लोडाइव्हचं संगीत म्हणजे नुसता धूसर गोंगाट असं वाटत असेल तर घरी वाजवून बघा. गिटारच्या आवाजावर आधी डिस्टॉर्शन (आवाज फाडणारा इफेक्ट), मग डिले (सूर थोड्या वेळाने पुन्हा ऐकवणारा), शेवटी रिव्हर्ब (मोठ्या दालनासारखा घुमारा). डिले ४०० मिलिसेकंदांच्या आसपास, तीन-चार पुनरावृत्ती. रिव्हर्ब डिस्टॉर्शनच्या आधी लावला तर त्याची लांब शेपूटही फाटते आणि कॉर्ड ओळखू येत नाही. हॉलस्टेडचं आवडतं इफेक्टचं यंत्र यामाहाचं एफएक्स ५००. त्यातला 'सॉफ्ट फोकस' हा प्रोग्रॅम रिव्हर्बमध्ये कोरस (एकच सूर अनेक वाद्यांवर वाजल्याचा भास) मिसळतो, त्यामुळे तार छेडल्याचा टोकदारपणा बोथट होतो.

खरी अडचण पुढे येते. बँडमध्ये हॉलस्टेड, गॉसवेल आणि क्रिश्चन सॅव्हिल अशा तिघांच्या तीन गिटारी. तिन्ही एकाच सप्तकात वाजल्या तर २०० ते ४०० हर्ट्झमध्ये घुसमट होते. म्हणून एकाने जाड तारांवर राहायचं, दुसऱ्याने पातळ तारांवर. एकाने जाड तारांवर राहायचं, दुसऱ्याने पातळ तारांवर. आणि कॉर्ड बदलायची घाई नको: आधीच्या कॉर्डची आस विरायच्या आत पुढची पडली की दोन्ही एकमेकींना खातात. गाणारा आवाज वर काढायचा मोह टाळायचा, तो गिटारींच्या पातळीवरच ठेवायचा.

१९९५ साली स्लोडाइव्हचा 'पिग्मॅलियन' हा अल्बम आला. गिटारी जवळपास गायब, उरली ती लूप्स, म्हणजे पुन्हापुन्हा वाजणारे छोटे तुकडे, आणि शांतता. माझ्या मते त्यांचं सर्वांत धीट काम. त्यांच्या क्रिएशन या रेकॉर्ड कंपनीकडे तोवर ओएसिससारखा गाजलेला बँड होता. अल्बम आल्यावर लगेचच स्लोडाइव्हला नारळ मिळाला. हॉलस्टेड आणि गॉसवेलनी 'मोहावे ३' हा नवा बँड काढून लोकसंगीताच्या वळणाची गाणी केली. २०१४ साली बँड पुन्हा एकत्र आला, २०१७ साली नवा अल्बम, आणि २०२३ चा 'एव्हरीथिंग इज अलाइव्ह' थेट ब्रिटनच्या अल्बम यादीत पहिल्या दहांत.

ऐकायला सुरुवात 'ॲलिसन'पासून करा, मग 'व्हेन द सन हिट्स', मग २०१७चं 'शुगर फॉर द पिल'. मोबाइलच्या स्पीकरवर नको, त्यात बेस उरत नाही आणि डाव्या-उजव्या गिटारी एकच होऊन जातात. साधा तारेचा हेडफोनही चालेल.