पार्वतीचा पार्ट

आमच्या गावच्या नाटकात मी आठ वर्षं बाई होतो.

गाव चंद्रपूर जिल्ह्यातलं, सिंदेवाहीकडचं. धान निघालं, मंडईची जत्रा झाली, की शंकरपटाच्या, म्हणजे बैलांच्या शर्यतीच्या, रात्री नाटक ठरलेलं. पेंडॉलमध्ये खाली तणस, त्यावर ज्याचं त्याचं पोतं नाहीतर चादर. दहाला पडदा उघडला की पहाटेपर्यंत कोणी हलायचं नाही. चौदाव्या वर्षी माझा आवाज पातळ होता म्हणून मंडळानं मला स्त्रीपार्टी केलं. पुढं मिशी फुटली आणि पंचाईत झाली. बाप उंबरठ्यात उभा राहून म्हणाला, "मी अजून जित्ता आहो ना बे?" बाप गेल्याशिवाय मिशी काढायची नाही, असा रिवाज. शेवटी आईनं मिटवलं, पण नाटकाच्या आठवड्यात बाप माझ्या ताटाशेजारी बसायचा नाही.

फाळक्यांनाही मिशीनं असंच छळलं होतं म्हणतात. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'साठी तारामती मिळेना. नाचगाणं करणाऱ्या, कोठ्यावरच्या बायासुद्धा 'नाही' म्हणाल्या. शेवटी ग्रँट रोडवरच्या खानावळीतला एक आचारी सापडला, अण्णा साळुंके. तिथं दहा रुपये महिना होता, फाळक्यांनी पंधरा देऊ केले. तारामती झाली.

त्याच वर्षीच्या दुसऱ्या सिनेमात, 'मोहिनी भस्मासुर'मध्ये मात्र खरीखुरी बाई आली. एक नाही, दोन. लेक कमला मोहिनी आणि आई दुर्गाबाई कामत पार्वती. विक्रम गोखले वारले तेव्हा टीव्हीवर त्यांच्या आजीचं नाव चाललं होतं, कमलाबाई गोखले. पणजीचं एकदा येऊन गेलं. तेव्हापासून ही पणजी माझ्या डोक्यातून जात नाही.

गोष्ट आठवून पाहा. भस्मासुर शंकराच्या मागं लागतो, मोहिनी नाचते, तो तिची नक्कल करता करता स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवतो. यात पार्वतीला काम काय? लोकांच्या ध्यानात राहणार ती मोहिनीच, आणि ती होती तेरा वर्षांची पोर. पण ती पोर तिथं पोचली कशी? दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, लेक पदरात. अशा बाईनं धुणीभांडी करावी किंवा नशिबाला दोष देत बसावं, एवढंच त्या काळी लोकांना मान्य होतं. त्यांनी नाटक कंपनी धरली. गावोगावचे मुक्काम, आणि लेकही लहानपणीच रंगमंचावर. फाळक्यांनी बोलावलं तेव्हा दोघी नाशकात कॅमेऱ्यापुढं उभ्या राहिल्या. कमलाबाई पुढं कितीतरी वर्षं काम करत राहिल्या, रंगमंचावर त्यांनी पुरुषांचेही पार्ट केले. म्हणजे माझ्या उलट.

साळुंक्यांचं मात्र दुर्गाबाई आल्या म्हणून काही अडलं नाही. १९१७ च्या 'लंका दहन'मध्ये राम तेच आणि सीताही तेच.

माझं अडलं.

१९८५ च्या पटाला मंडळानं ठरवलं की आता नागपूरहून बाई आणायची. आजूबाजूच्या सगळ्या गावांत बाया येऊन राहिल्या होत्या, आमच्याच पेंडॉलमध्ये मिशी काढलेला गडी. वर्गणी वाढवली, बाईचे पैसे जमवले. माझ्या हाती वही देऊन म्हणाले, तू प्रॉम्प्टर. सगळे संवाद तुलेच पाठ आहेत.

बाई संध्याकाळच्या एसटीनं आल्या. पस्तिशीच्या असतील. सोबत सहा-सात वर्षांची पोरगी, एक ट्रंक आणि पितळी डबा. चहा पिता पिता त्यांनी माझ्याकडून पार्ट ऐकून घेतला. तालीम म्हणायची तर तेवढीच. मी आठ वर्षं नेसलेलं हिरवं लुगडं त्यांच्यापुढं ठेवलं. त्यांनी ते हातानं चाचपलं, घडी केली आणि परत माझ्याकडं दिलं. त्यांच्याजवळ स्वतःचं होतं. मला ते लागलं. का लागलं ते आजही नीट सांगता येत नाही.

दुसऱ्या अंकात सासरी एकटी बसलेली सून बोलते, तो मोठा संवाद. माझा हुकमी. बाई पहिलं वाक्य बोलल्या आणि पुढच्यासाठी विंगेकडं कान केला. मी तोंड उघडलं नाही. वहीत पाहत राहिलो. पेंडॉलमध्ये कोणीतरी खोकलं. मागून एक शिट्टी आली. बाईंनी एकदाच माझ्याकडं पाहिलं, रागानं नाही, नुसतं पाहिलं. मग शांतपणे उठल्या, कंदिलाजवळ गेल्या, वात सारल्यासारखी केली आणि खाली बसून अंगाई म्हणू लागल्या. नाटकात अंगाई नव्हती. सुनेला मूलही नव्हतं. ऑर्गनवाल्यानं दुसऱ्या ओळीला सूर पकडला. बायांच्या बाजूनं कोणाची तरी माय पदर डोळ्याला लावताना मला इथून दिसली.

तेवढ्यात माझ्या पायाशी काहीतरी हललं. मागं ट्रंकेवर झोपलेली पोरगी आईचा आवाज ऐकून उठून आली होती, अर्धवट झोपेत. सरळ स्टेजकडं निघाली. मी तिला एका हातानं पोटाशी धरलं. अंग ऊन होतं, केसांना खोबरेल तेलाचा वास. दुसऱ्या हातानं वही उघडली आणि वाक्य दिलं. बाईंनी ते असं उचललं, जणू अंगाई वहीतच लिहिलेली होती.

अंगाईला 'वन्स मोअर' आला. मला आठ वर्षांत दोनदा आला होता.

सकाळच्या पहिल्या गाडीला मीच ट्रंक नेऊन दिली. वाटेत काही बोलायचं सुचेना. पोरगी खिडकीत बसली. बाईंनी पायरीवर पाय ठेवला आणि वळून म्हणाल्या, "भाऊ, वही जरा मोठ्या अक्षरात लिहीत जा. रात्री दिसत नसेल तुम्हाला."

पुढच्या वर्षी मी वही पुन्हा लिहिली. मोठ्या अक्षरात, लाल शाईनं. त्या वर्षी दुसऱ्या बाई आल्या.