तुम्ही विचारलंत म्हणून: मेमरी लीक शोधायला टूल कुठलं?

"आमचं ॲप सकाळी दोनशे एमबीवर सुरू होतं आणि संध्याकाळपर्यंत दीड जीबी खातं. लीक शोधायला कुठलं टूल घेऊ?" असं विचारणाऱ्याला एका नावाचं उत्तर हवं असतं. अडचण अशी, की वाढलेली मेमरी म्हणजे लीकच, हे प्रश्नात आधीच धरून चाललेलं असतं. डेस्कटॉप सॉफ्टवेअरमध्ये बऱ्याचदा तसं नसतं.

काटेकोर बोलायचं तर मेमरी घेतली, तिच्याकडे जाणारा एकही पॉइंटर (तिचा साठवलेला पत्ता) उरला नाही आणि ती परत केली नाही, की लीक. डेस्कटॉपवर त्याहून जास्त सापडतो तो दुसरा प्रकार: अनडूची यादी कधी छाटलीच जात नाही, बंद केलेली विंडो कुठल्या तरी इव्हेंटच्या यादीत नोंदलेलीच राहते, थंबनेलच्या कॅशला कमाल मर्यादाच दिलेली नसते. इथे पॉइंटर शाबूत असतात. प्रोग्रॅम बंद होताना डिस्ट्रक्टर (ऑब्जेक्ट नष्ट होताना चालणारा कोड) सगळं नीट आवरून ठेवतात आणि शेवटी हिशेब तपासणारं टूल सांगतं, एकही लीक नाही. म्हणून डेस्कटॉपसाठी आधी चालू प्रोग्रॅमच्या मेमरीचे दोन स्नॅपशॉट (त्या त्या क्षणाच्या नोंदी) घेऊन त्यांतला फरक दाखवणारं टूल घ्यावं. फक्त शेवटी अहवाल देणारं टूल नंतर.

त्याआधी पाच मिनिटं मोजमापाला द्या. विंडोजच्या टास्क मॅनेजरमधला 'मेमरी' कॉलम वर्किंग सेटचा, म्हणजे सध्या रॅममध्ये असलेल्या भागाचा असतो; सिस्टिमने त्यातली पानं (मेमरीचे तुकडे) काढून घेतली की तो आकडा खाली येतो आणि लीक सुटल्याचा भास होतो. 'डिटेल्स' टॅबमध्ये 'कमिट साइज' (प्रोग्रॅमसाठी राखून ठेवलेली मेमरी), 'हँडल्स' (उघडलेल्या फायली वगैरेंचे संदर्भ) आणि 'जीडीआय ऑब्जेक्ट्स' (चित्र काढायचे ब्रश, पेन, फॉन्ट) हे तीन कॉलम चालू करा. कमिट वाढत नाही पण जीडीआयचा आकडा चढतोय, तर हीपचं (प्रोग्रॅम चालताना मागून घेतो त्या मेमरीचं) कुठलंही टूल कामाचं नाही. एका प्रोसेसला मुळात १०,००० जीडीआय ऑब्जेक्ट मिळतात. ते संपले की मेमरी भरपूर शिल्लक असूनही मेनू अर्धवट दिसतात, बटणं काळी पडतात. कमिट चढतोय पण कशामुळे ते कळत नाही, तेव्हा मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातलं व्हीएमॅप उघडा. वाढ हीपमध्ये आहे, मॅप केलेल्या फायलींत आहे, की .नेटच्या मॅनेज्ड हीपमध्ये, ते तिथे रंगांनी वेगळं दिसतं. टूल कुठलं हे खरं तर इथेच ठरतं.

विंडोजवर सी++ असेल आणि वाढ हीपमध्ये असेल, तर पैसे खर्च करण्याआधी यूएमडीएच वापरून बघा. मायक्रोसॉफ्टच्या डिबगिंग टूल्सच्या संचात ते फुकट येतं, दिसायला रुक्ष आहे, पण रिलीज बिल्डवर (ग्राहकाला देतो त्या आवृत्तीवर) आणि ग्राहकाच्या मशिनवरही चालतं. त्याच संचातलं जीफ्लॅग्ज उघडा, 'इमेज फाइल' टॅबमध्ये आपल्या एक्झीचं नाव द्या आणि 'क्रिएट यूजर मोड स्टॅक ट्रेस डेटाबेस' वर टिक करा. प्रोग्रॅम त्यानंतर सुरू करायचा. आधीपासून चालू असलेल्या प्रोसेसला ही सोय लागू होत नाही. सिम्बॉल पाथमध्ये नेमक्या त्याच बिल्डची पीडीबी (फंक्शनची नावं सांगणारी फाइल) हवी. पुन्हा कंपाइल केलेली, अगदी त्याच कोडची असली तरी जुळत नाही आणि फंक्शनच्या नावांऐवजी नुसते पत्ते दिसतात.

आता ज्या कृतीचा संशय आहे, समजा डॉक्युमेंट उघडून बंद करणं, ती दोन-तीनदा करून घ्या. पहिल्या वेळी फॉन्ट, डीएलएल, कॅश असं बरंच काही कायमचं लोड होतं आणि ते तुलनेत आलं तर उगाच पळापळ होते. मग पहिला स्नॅपशॉट. मग तीच कृती बरोबर १७ वेळा. मग दुसरा स्नॅपशॉट, आणि दोन्ही फायली यूएमडीएचला तुलनेसाठी द्या. १७ अशासाठी, की प्रोग्रॅममध्ये इतर कशाचा आकडा सहसा १७ च्या पटीत नसतो. अहवालात एका स्टॅकखाली (फंक्शनच्या हाकांच्या साखळीखाली) १७ किंवा ३४ अलोकेशन (मेमरी घेतल्याच्या नोंदी) वाढलेली दिसली, तर तो धागा पकडायचा. अहवालातले आकडे मुळात हेक्साडेसिमल असतात, त्यामुळे १७ तिथे ११ असा दिसेल; दशमान हवं तर तसा पर्याय द्यावा लागतो. काम झालं की जीफ्लॅग्जमधली टिक काढा. ती रजिस्ट्रीत राहते आणि मग पुढे कधीतरी प्रोग्रॅम हळू का चालतो याचा शोध सुरू होतो.

यूएमडीएचला विंडोजच्या हीपमधून गेलेलंच दिसतं. तुमचा प्रोग्रॅम थेट विंडोजच्या व्हर्च्युअलअलोक फंक्शनने मेमरी घेऊन स्वतःचा पूल (साठा) चालवत असेल, तर आतलं काही कळणार नाही. व्हिज्युअल स्टुडिओच्या डायग्नोस्टिक टूल्समधले मेमरी स्नॅपशॉट हेच काम बऱ्या चेहऱ्याने करतात. विकसकाच्या मशिनवर तेच सोयीचं. डिबग बिल्डमधली सीआरटीची (सीच्या रनटाइम लायब्ररीची) लीकची यादीही उपयोगी, कारण महिरपी कंसात अलोकेशनचा क्रमांक येतो आणि पुढच्या वेळी नेमकं तिथे थांबता येतं. मात्र दर वेळी क्रमांक तोच यायला हवा, आणि थ्रेड बरेच असले की तो येत नाही. यादी मेनच्या शेवटी हाताने मागवली, तर अजून नष्ट न झालेले ग्लोबल ऑब्जेक्टही लीक म्हणून छापले जातात. फ्लॅग लावून ती प्रोग्रॅम संपताना आपोआप येऊ द्यावी.

एक सापळा मुद्दाम सांगतो. मायक्रोसॉफ्टच्या कंपायलरमध्ये मेमरीच्या चुका पकडणारा ॲड्रेससॅनिटायझर आहे, पण त्यात लीक शोधायची सोय नाही. लिनक्सवर तोच पर्याय लावला की लीकसॅनिटायझर सोबत येतो, त्यामुळे विंडोजवरही येत असेल असं समजून लोक निवांत राहतात.

लिनक्सवर क्यूटी किंवा जीटीकेचं (विंडो-बटणांच्या लायब्ररींचं) ॲप असेल, तर पहिली पसंती हीपट्रॅकला. केडीई या लिनक्स डेस्कटॉपच्या गोतावळ्यातलं हे टूल मॅलॉक आणि फ्रीच्या (मेमरी घेणाऱ्या आणि परत करणाऱ्या फंक्शनच्या) हाका अडवून नोंद ठेवतं, ॲप वापरता येईल इतपत वेगात चालतं आणि फ्लेमग्राफमध्ये मेमरी कुणी घेतली ते दाखवतं. दोन रनची तुलनाही होते. चालू प्रोसेसला मागून जोडता येतं, पण जोडण्याआधीचं अलोकेशन त्याला माहीत नसतं.

व्हॅलग्रिंडचं मेमचेक तपासणीत जास्त कसून असलं, तरी वीस-तीस पट हळू चालतं आणि एका वेळी एकच थ्रेड पुढे जाऊ देतं. मोठ्या जीयूआय ॲपमध्ये एक डायलॉग उघडायला चहा होतो. युनिट टेस्टवर मात्र जरूर चालवा. अहवालात 'डेफिनेटली लॉस्ट' आधी वाचा. 'इनडायरेक्टली लॉस्ट' बहुधा त्याचीच पिल्लं असतात, मूळ सुटलं की तीही जातात. 'स्टिल रीचेबल' मध्ये फॉन्टकॉन्फिग आणि ग्राफिक्स ड्रायव्हरचा गोंगाट असतो, त्याला सप्रेशन फाइल (काय वगळायचं त्याची यादी) लावा.

मॅकवर फार विचार करायला नको. एक्सकोडसोबत येणाऱ्या इन्स्ट्रुमेंट्समधल्या ॲलोकेशन्समध्ये 'मार्क जनरेशन' आहे, वरची १७ वेळांची पद्धत तिथे जशीच्या तशी चालते. स्विफ्टमधल्या रिटेन सायकलसाठी (ऑब्जेक्ट एकमेकांना धरून बसतात त्यासाठी) एक्सकोडचा मेमरी ग्राफ.

.नेट किंवा जावाचं ॲप असेल तर प्रश्नच बदलतो. मेमरी कुणी घेतली यापेक्षा ती अजून कुणी धरून ठेवली आहे, हे महत्त्वाचं. टूल ऑब्जेक्टपासून जीसी रूटपर्यंतची (कचरा गोळा करणारा जिथून शोध सुरू करतो तिथपर्यंतची) साखळी दाखवत नसेल तर ते बाद. परफव्ह्यू फुकट आहे पण शिकायला वेळ घेतं. डॉटमेमरी विकत आहे आणि साखळी पटकन दाखवतं. जावासाठी एक्लिप्सचं मेमरी ॲनालायझर पुरतं.

विकतचं टूल घ्यायचंच असेल, तर चाचणीच्या मुदतीत आपल्याच ॲपमध्ये तीन दोष मुद्दाम पेरा: एक हरवलेला ब्लॉक, एक सतत वाढणारा व्हेक्टर (यादी), आणि विंडोजवर असाल तर डिलीट न केलेला एक ब्रश. ब्लॉकमध्ये काहीतरी लिहा आणि पत्ता काही काळ ग्लोबलमध्ये ठेवून मग पुसा. नाहीतर न वापरलेलं मॅलॉक ऑप्टिमायझर उडवून टाकतो आणि दोष टूलच्या माथी बसतो. चाचणी रिलीज बिल्डवरच घ्या. तिन्ही दोष सापडले आणि स्टॅकमध्ये तुमच्या फाइलची ओळ दिसली, तर पैसे द्यायला हरकत नाही. व्हेक्टर टूलच्या नजरेतून निसटला तर देऊ नका; तुमच्या दीड जीबीमागे बहुधा तसलंच काहीतरी आहे.