वायोमिंगची ऑगस्टमधली निवडणूक

कोलोरॅडोतून आय-25 महामार्गाने उत्तरेला निघालं, की फोर्ट कॉलिन्सनंतर घरं विरळ होत जातात. वायोमिंगची राजधानी शायेन जवळ येईपर्यंत उरतं ते माळरान, सोसाट्याचा वारा आणि कुंपणापलीकडे चरणारे हरणासारखे प्राँगहॉर्न. 16 ऑगस्ट 2022 ही तारीख आम्ही मुद्दाम धरली होती. अमेरिकी काँग्रेसच्या प्रतिनिधिगृहात वायोमिंगची एकच जागा आहे, आणि तिच्यासाठी रिपब्लिकन पक्षाची प्राथमिक निवडणूक, म्हणजे पक्षाचा उमेदवार ठरवणारं मतदान, त्या दिवशी होतं. लढत विद्यमान खासदार लिझ चेनी आणि ट्रम्प यांचा पाठिंबा असलेल्या वकील हॅरिएट हेगमन यांच्यात.

राज्याचं क्षेत्रफळ महाराष्ट्राच्या चार पंचमांशांहून थोडं जास्तच, पण वस्ती जेमतेम पावणेसहा लाख. त्यामुळे 435 जणांच्या सभागृहात अख्ख्या राज्याचा खासदार एकटाच. डेमोक्रॅट उमेदवार इथे निवडून येण्याची शक्यता जवळजवळ नाही, म्हणून नोव्हेंबरचा निकाल ऑगस्टमध्येच ठरतो.

चेनी घराण्याला ही जागा नवी नाही. वडील, पुढे उपराष्ट्राध्यक्ष झालेले डिक चेनी, 1979 ते 1989 इथलेच खासदार होते. 2020 च्या प्राथमिक फेरीत लिझ यांना 73 टक्के मतं होती. मग 6 जानेवारी 2021 ला ट्रम्प समर्थकांनी कॅपिटॉलवर, म्हणजे संसदेच्या इमारतीवर, हल्ला केला. ट्रम्प यांच्यावरच्या महाभियोगाच्या बाजूने मत देणाऱ्या दहा रिपब्लिकन खासदारांत त्या होत्या, पुढे त्या हल्ल्याच्या चौकशी समितीच्या उपाध्यक्षही झाल्या. एरवी नव्वद टक्क्यांहून जास्त वेळा ट्रम्प यांच्या भूमिकेशी जुळणारं मतदान त्यांनी केलं होतं. ते कुणी जमेस धरलं नाही.

शायेनमध्ये मतदान करून बाहेर पडलेल्या एक आजीबाई आमच्याशी मोकळेपणाने बोलल्या. जन्मभर डेमोक्रॅट. त्या दिवशी केंद्रावरच फॉर्म भरून त्यांनी मतदार नोंदणीतला आपला पक्ष बदलला, रिपब्लिकन मतपत्रिका घेतली आणि चेनींच्या नावापुढचा गोल काळा केला. "तिची धोरणं मला पटत नाहीत. पण खरं बोलली म्हणून तिला घरी बसवणार?" म्हणाल्या. त्यांच्या ओळखीचे एक गुरंवाले तिथेच उभे होते, मत हेगमनना दिलेलं. "आम्ही तिला आमची कामं करायला पाठवलं होतं," एवढंच ते बोलले. मग दोघं कोरड्या पडलेल्या कुरणांवर आणि गवताच्या भडकलेल्या भावावर बराच वेळ बोलत राहिले. एवढ्या कडवट प्रचारानंतरही बोलणं तुटलेलं नव्हतं, हे मला फार मोलाचं वाटलं.

दुपारी आय-80 ने लॅरमीला गेलो. रस्त्याकडेला हिवाळ्यातला भुरभुरता बर्फ अडवणारी लाकडी कुंपणं मैलोन्‌मैल उभी आहेत. लॅरमीत लुइसा स्वेन यांचा पुतळा आहे. वायोमिंगने 1869 मध्ये, राज्याचा दर्जा मिळण्याच्या एकवीस वर्षं आधी, बायकांना मताधिकार दिला आणि 6 सप्टेंबर 1870 च्या सकाळी सत्तरीच्या या बाईंनी याच गावात मत टाकलं. आज लढत दोन बायकांतच होती, त्यामुळे त्या पुतळ्यापाशी पाय निघेना.

केंद्रं सातला बंद झाली आणि निकाल कळायला फार वेळ लागला नाही. हेगमन 66 टक्के, चेनी 29 टक्क्यांच्या आसपास. 23 काउंट्यांपैकी (जिल्ह्यांसारखे विभाग) चेनींच्या वाट्याला दोनच आल्या: जॅक्सनची टिटन आणि लॅरमीची ऑल्बनी. चेनींनी त्याच रात्री जॅक्सनजवळच्या भाषणात हार मान्य केली. 2020 ची निवडणूक चोरली गेली हे ट्रम्प यांचं खोटं उचलून धरलं असतं तर पुन्हा जिंकणं सोपं होतं, पण तो मार्ग आपण घेणार नव्हतो, असं त्यांनी सांगितलं. इराक युद्धापासून किती तरी बाबतींत मी त्यांच्या विरुद्ध टोकाला आहे. तरी त्या रात्री मला त्यांच्याबद्दल निखळ आदर वाटला. जागा जाणार हे दिसत असताना त्या मागे हटल्या नव्हत्या.

नोव्हेंबरमध्ये हेगमन अपेक्षेप्रमाणे निवडून आल्या. 2023 मध्ये विधिमंडळाने कायदाच बदलला: उमेदवारी अर्ज भरायची मुदत सुरू होण्याच्या सुमारापासून प्राथमिक मतदान होईपर्यंत आता पक्ष बदलता येत नाही. शायेनच्या आजीबाईंना ऑगस्टमधल्या रिपब्लिकन लढतीत मत द्यायचं, तर उमेदवार कोण आहेत हे कळण्याआधीच पक्ष बदलावा लागेल.